शिवकाळावर चरित्र लिहायला बसण्याआधी

सुरुवात तारखांपासून करा, कारण नवख्या लेखकाचं चरित्र सर्वांत आधी तिथेच घसरतं. शकावरून इसवी सन काढताना सरसकट ७८ मिळवू नका. पौषाच्या मध्यापासून फाल्गुन अखेरपर्यंत ७९ मिळवावे लागतात. जेधे शकावलीत, म्हणजे जेधे घराण्याकडच्या तारीखवार नोंदींत, शिवजन्म शके १५५१, फाल्गुन वद्य तृतीया असा आहे, म्हणून साल १६३० येतं. ७८ मिळवलेत तर १६२९ होतं. इंग्रज वखारवाले जुनी ज्युलियन गणना पाळत, पोर्तुगीज नवी ग्रेगोरियन. सतराव्या शतकात दोन्हींत १० दिवसांचा फरक. शिवाय इंग्रजांचं नवं वर्ष २५ मार्चला सुरू होई, त्यामुळे जानेवारी १६६४ च्या सुरत लुटीच्या पत्रांवर १६६३ दिसलं तर दचकू नका.

मोडी लिपी शिकाच, जुनी कागदपत्रं तिच्यातच आहेत. छापील लिप्यंतरावर विसंबलात की वाचनातली चूकही तुमचीच होते. प्रत्येक टिपणावर दप्तर, रुमाल (कापडात बांधलेला कागदांचा गठ्ठा) क्रमांक आणि नकलेची तारीख तिथल्या तिथे लिहा. घरी आल्यावर आठवत नाही.

बखरींना एका मापाने मोजू नका. कृष्णाजी अनंत सभासद या बखरकाराने महाराजांचा काळ पाहिला होता, मल्हार रामराव चिटणीसाची बखर शतकाहून अधिक काळाने लिहिलेली. चुरचुरीत संवाद बहुधा उत्तरकालीन बखरीतच सापडतात. ते वापरायचे तर ‘बखरकार सांगतो’ असं वाक्यातच लिहा. वाचकाला याने कंटाळा येत नाही, उलट त्याचा विश्वास बसतो.

पुस्तकाच्या भरवशावर नोकरी सोडू नका. प्रकाशकाच्या करारात आवृत्ती किती प्रतींची हे मात्र लिहून घ्या, नाहीतर रॉयल्टीचा हिशोब पडताळताच येत नाही.