रिसॉर्टचे पैसे भरून झालेत, मग साओनाच्या सहलीला आणखी ४३५ डॉलर द्यावेत का?

प्रश्न: आम्ही न्यू जर्सीत एडिसनला राहतो. जुलैच्या शेवटच्या आठवड्यात मी, यजमान, सात वर्षांचा मुलगा आणि नाशिकहून आलेले सासू-सासरे असे पाच जण डॉमिनिकन रिपब्लिकमधल्या पुंता कानाला चार रात्री जाणार आहोत. रिसॉर्ट ऑल-इन्क्लुझिव्ह आहे, म्हणजे राहणं-जेवण एकाच पैशात. पैसे भरलेत, परत मिळणार नाहीत. तिथून साओना बेटावर दिवसभराची ग्रुप सहल निघते. बस, बोट, जेवण, पेयं सगळं धरून मोठ्यांना ९५ डॉलर, मुलाला ५५, म्हणजे एकूण ४३५. यजमान म्हणतात, रिसॉर्टमध्ये जेवण असताना बाहेर पुन्हा जेवणाचे पैसे कशाला? मला वाटतं, एवढ्या लांब जातोच आहोत, तर आणखी चारशेत काय मोठंसं? क्रेडिट कार्डावर ३,२०० डॉलर बाकी आहे, व्याज २३ टक्के. त्यातले बहुतेक याच प्रवासाचे. बँकेत दीड महिन्याचा खर्च निघेल एवढी शिल्लक आहे. आई-बाबांना दाखवायचं म्हणून माझा आग्रह. सासरे ६८ वर्षांचे, गुडघ्यांचा त्रास आहे, बीपीच्या गोळ्या चालू आहेत. सासूबाई चातुर्मासात कांदा-लसूण खात नाहीत, घरात कुणी पीत नाही. पगार दर दोन आठवड्यांनी येतो. माहितीपत्रक सोबत जोडलंय.

उत्तर: आधी माझं मत सांगते, कारणं मागाहून. आत्ता बुक करू नका. तिथे पोहोचल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी ठरवा. आणि जायचं ठरलंच, तर पाच तिकिटं काढण्याआधी सासू-सासऱ्यांना नीट विचारा. तिकिटं तीनच लागतील असा माझा अंदाज आहे.

आता तुमच्या दोघांच्या वादाबद्दल. गंमत अशी की तुम्ही दोघं विरुद्ध बाजूंनी एकच चूक करताय. यजमान रिसॉर्टला दिलेले पैसे ‘वसूल’ करायला बघताहेत आणि तुम्ही विमानाला दिलेले. दोन्ही पैसे गेलेले आहेत. साओनाला गेलात काय, न गेलात काय, त्यातला एक डॉलरही परत येणार नाही. तेव्हा त्या दिवशी रिसॉर्टचं दुपारचं जेवण चुकलं म्हणून तुमचं नुकसान होत नाही, आणि इतक्या लांब आलात म्हणून पुढचे ४३५ स्वस्तही होत नाहीत. प्रश्न एवढाच उरतो, की त्या दिवशी खिशातून नव्याने जाणाऱ्या पैशात तुमच्या घरच्या माणसांना काय मिळणार?

त्यासाठी माहितीपत्रकातलं वेळापत्रक घड्याळ लावून वाचलं. सकाळी ७ वाजता रिसॉर्टच्या लॉबीतून उचलणार, संध्याकाळी साडेसहाला परत सोडणार. साडेअकरा तास. बोटी सुटतात बायाहिबे गावातून. पुंता कानाहून तिथवर बसचे जाऊन-येऊन साधारण तीन तास धरा. शिवाय बस वाटेत आणखी चार-पाच रिसॉर्टची माणसं गोळा करत जाते. सात वाजताचे पहिले प्रवासी तुम्ही असलात तर हा सगळा वेळ तुमच्या वाट्याला. बायाहिबेला पोहोचल्यावर रांग, मनगटाला पट्टी, लाइफ जॅकेट, मग बोट. सहसा जाता-येता एका बाजूने कॅटामरान (दोन सांगाड्यांची मोठी, संथ बोट) आणि दुसऱ्या बाजूने स्पीडबोट असते, त्यात दोनेक तास. पत्रकात बेटावरचा वेळ अडीच तास लिहिलाय आणि ‘नैसर्गिक तलावा’ला ४५ मिनिटं. म्हणजे ज्यासाठी जायचं ते सव्वातीन तास. पाच माणसांचे सव्वासोळा तास होतात, आणि ४३५ ला त्याने भागलं की माणशी तासाला जवळजवळ २७ डॉलर. ‘दिवसभराची सहल’ म्हणून साडेअकरा तासांनी भागलं तर हाच आकडा साडेसातवर येतो आणि सहल स्वस्त वाटायला लागते. पत्रक छापणाऱ्याला हे गणित चांगलं ठाऊक असतं.

२७ डॉलर वाईट आहेत असं मी म्हणत नाही. साओना खरंच देखणं आहे. कोतुबानामा राष्ट्रीय उद्यानाचा भाग असल्यामुळे किनाऱ्यावर हॉटेलांच्या भिंती उठलेल्या नाहीत. मानो हुआन नावाचं मच्छीमारांचं एक छोटं गाव, बाकी नारळ आणि वाळू. तो ‘तलाव’ म्हणजे किनाऱ्यापासून आत, भर समुद्रात कमरेएवढं उथळ, तळ दिसणारं पाणी. तिथे तारामासे असतात. फोटोसाठी ते पाण्याबाहेर काढून हातात देणारे गाइड भेटतील, त्यांना नको म्हणा. बाहेर काढले की ते मरू शकतात. सात वर्षांच्या पोराला ही पाऊण तासाची मजा जन्मभर आठवेल. त्याच्या ५५ डॉलरांबद्दल माझी काही तक्रार नाही.

तक्रार आहे ती ‘सगळं समाविष्ट’ या शब्दांबद्दल. ९५ डॉलरांत काय काय आहे त्यापेक्षा त्यातलं तुम्ही काय घेणार हे बघा. बोटीवर चढल्यापासून रम आणि बिअर सुरू होते, मोठ्या आवाजात संगीत, नाच. तुम्ही लिहिलंय की घरात कुणी पीत नाही. म्हणजे दुसऱ्यांच्या ग्लासाचा थोडा खर्च तुमच्या तिकिटात आहे. जेवण म्हणजे किनाऱ्यावरचा बुफे: भात, राजम्यासारखी उसळ, चिकन, मासे, पास्ता, सॅलड, फळं. सासूबाई चातुर्मासात कांदा-लसूण खात नाहीत असं तुम्ही पत्रात ओझरतं लिहिलंय, आणि जुलैच्या अखेरीस चातुर्मास लागलेला असेल. त्यांच्या ताटात कोरडा भात आणि कलिंगड येणार. रिसॉर्टच्या स्वयंपाकघराला आदल्या दिवशी सांगून काहीतरी करून घेता येतं, बेटावर ते जमत नाही. दशम्या बरोबर घेतल्यात तर प्रश्न सुटेल, पण मग ९५ डॉलरांतलं जेवणही त्यांच्यापुरतं वजा झालं.

सासरेबुवांचे गुडघे हा याहून मोठा मुद्दा. स्पीडबोट लाटांवर अक्षरशः आपटत जाते; पाठीचा किंवा मणक्याचा त्रास असलेल्यांना आणि गर्भवतींना तर बहुतेक सहलवाले स्वतःच नको म्हणतात. बोटीतून उतरायचं ते बऱ्याचदा थेट पाण्यात, ओल्या शिडीवरून. ते ६८ वर्षांचे आहेत, बीपीच्या गोळ्या चालू आहेत. ‘आई-बाबांना दाखवायचं म्हणून’ असं तुम्ही लिहिलंत, पण त्यांना हे सगळं सांगून विचारलंय का? आपली माणसं सुनेच्या उत्साहावर पाणी नको म्हणून ‘हो, जाऊ या की’ म्हणतात आणि मग दिवसभर सावली शोधत बसतात. ते दोघं रिसॉर्टवर राहिले तर त्यांच्यासाठी खोली, जेवण, पंख्याखालची खुर्ची, समुद्र सगळं आधीच भरलेल्या पैशात आहे. तुम्ही तिघं गेलात तर २४५ डॉलर. १९० वाचले, आणि कुणाचं मनही मोडलं नाही. आणि त्यांना खरोखर यायचंच असेल, तर दोन्ही बाजूंनी कॅटामरान असलेली सहल शोधा, थोडी महाग पडली तरी चालेल.

दुसऱ्या दिवशी ठरवा असं का म्हणते? सरगॅसम. अटलांटिकमध्ये तरंगणारं हे तपकिरी शेवाळ २०११ पासून उन्हाळ्यात कॅरिबियनच्या किनाऱ्यांवर ढिगाने येऊन पडतं आणि कुजलं की सडक्या अंड्यासारखा वास सुटतो. पुंता काना-बावारोचा किनारा पूर्वेला उघडा, त्यामुळे तिथे ते जास्त लागतं. साओनाला बोटी लागतात तो भाग आडोशाला असल्याने तिथलं पाणी बरेचदा स्वच्छ असतं. म्हणजे सहलीची किंमत तीच राहिली, तरी तिचं मोल तुमच्या रिसॉर्टसमोरच्या पाण्यावर ठरणार. समोर निळंशार पाणी असेल तर ४३५ कशाला? समोर शेवाळाचा बांध असेल तर तेच पैसे सत्कारणी. ही माहिती पहिल्या संध्याकाळी फुकट मिळणार आहे, मग आज का बांधून घ्यायचं? बायाहिबेहून रोज पुष्कळ बोटी सुटतात, जागा मिळते. तरीही आजच बुक करायची हौस असेल तर २४ तास आधीपर्यंत पूर्ण पैसे परत देणारंच बुकिंग घ्या; जून ते नोव्हेंबर हा चक्रीवादळांचा मोसम आहे. किनाऱ्यावर फिरणाऱ्या एजंटाला रोख मात्र देऊ नका. भाव पाडून देतात, पण बस आलीच नाही तर पावती दाखवायची कुणाला?

वरखर्चाचाही आकडा धरा. गाइड आणि बोटीवाल्यांना टिप ३० डॉलर, शहाळं वगैरे सटरफटर २०, आणि हाताशी ३५. पाचही जण गेलात तर ५२० ला कुंपण घाला. परतताना तुमचेच फोटो पॅकेज म्हणून विकायला येतील, रमच्या बाटल्या आणि निळ्या लारिमार खड्यांच्या दुकानावर बस थांबेल. मोह झाला तर त्या ३५ मध्ये बसवा.

हे ५२० कार्डावर टाकू नका, निदान त्या कार्डावर तर नाहीच. ज्या कार्डावर बाकी शिल्लक आहे त्यावरच्या नव्या खरेदीला सहसा बिनव्याजी मुदत मिळत नाही, पहिल्या दिवसापासून मीटर चालू. ४३५ वर २३ टक्क्यांनी वर्षाला १०० डॉलर व्याज. म्हणजे एका मोठ्या माणसाचं तिकीट बँकेला भेट. तुमचा पगार दर दोन आठवड्यांनी येतो. निघायच्या आधीच्या चार पगारांतून १३०-१३० बाजूला काढा, ५२० जमतात. जमले नाहीत तर उत्तर तुम्हाला मिळालंच. पैसे भरताना बाकी शून्य असलेलं, परदेशी व्यवहाराची फी न लावणारं कार्ड वापरा आणि बिल आलं की या बाजूला काढलेल्या पैशातून पूर्ण फेडा.

यजमानांना एक सांगा. साओना रद्द करून तुमचं गणित सुधारणार नाही. हत्ती गेला आणि शेपटावरून भांडण चाललंय. दीड महिन्याच्या शिलकीवर आणि उधार कार्डावर पाच जणांचा चार रात्रींचा रिसॉर्ट घेतला तिथे चर्चा व्हायला हवी होती. तुमच्यापैकी कुणी एच-१बीवर (अमेरिकेतल्या नोकरीच्या तात्पुरत्या व्हिसावर) असाल तर नोकरी गेल्यावर हाताशी जास्तीत जास्त ६० दिवस असतात, आणि त्या दिवसांत दीड महिन्याची शिल्लक फार तोकडी आहे.

एच-१बीवरून आठवलं, तुम्ही विचारलं नाहीत पण सांगायलाच हवं. पासपोर्टवरचा व्हिसाचा शिक्का चालू आहे का, आज बघा. मुदत संपलेल्या शिक्क्यावर छोट्या फेरीनंतर अमेरिकेत परत येण्याची सवलत एच-१बीवाल्यांना कॅनडा-मेक्सिकोपुरती आहे, कॅरिबियन बेटांना ती लागू नाही. ‘मेक्सिकोला चाललं होतं की’ असं म्हणून पुंता कानाला गेलात तर परतीच्या विमानात बसू देणार नाहीत. मग नवा शिक्का मिळेपर्यंतचा मुक्काम, बिनपगारी दिवस, नवी तिकिटं. त्यापुढे ४३५ डॉलर चिल्लर. भारतीय पासपोर्टवर डॉमिनिकन रिपब्लिकमध्ये वेगळ्या व्हिसाशिवाय जाता येतं ते चालू अमेरिकन व्हिसा किंवा ग्रीन कार्ड अशा कागदाच्या जोरावर. आणि त्यांचा ई-तिकीट नावाचा प्रवेशाचा फॉर्म सरकारी संकेतस्थळावर फुकट भरता येतो. त्याचे पैसे मागणारी संकेतस्थळं दिसतील, तिकडे जाऊ नका.

सासू-सासऱ्यांचा व्हिजिटर विमाही काढून वाचा. अमेरिकेतल्या मुक्कामासाठी घेतलेल्या बऱ्याच पॉलिसी अमेरिकेबाहेर मर्यादित दिवस किंवा मर्यादित रकमेपुरत्याच चालतात, आणि आधीपासूनच्या आजारांना वेगळी अट असते. चार दिवसांचा प्रवासविमा वेगळा घ्यावा लागला तरी घ्या. साओनाच्या आधी तो खर्च.

परत आल्यावर ते दर पगारातले १३० थांबवू नका, तेच कार्डाकडे वळवा. महिन्याला २६० प्रमाणे, नवी खरेदी न टाकता, ३,२०० ची बाकी साधारण १५ महिन्यांत फिटते. पुढच्या उन्हाळ्यात कुठे जायचं ते त्यानंतर बघू.