वाचक विचारतात : पावसाळ्यातली भजी आणि लाल चटणी

प्रश्न (खानापूर) : कढईतून काढताना कांदाभजी कुरकुरीत असतात, ताटात येईपर्यंत मऊ पडतात. बेसन कमी पडतं का?

उत्तर : बेसन नव्हे, पाणी जास्त होतं. अर्धा किलो कांदा उभा, पातळ चिरा, पाकळ्या मोकळ्या करा आणि चमचाभर मीठ चोळून पंधरा मिनिटं ठेवा. जे पाणी सुटेल त्यातच पीठ कालवायचं, वरून थेंबही नको. दीडशे ग्रॅम बेसन, दोन मोठे चमचे तांदळाचं पीठ, अर्धा चमचा ओवा, हळद, तिखट, कोथिंबीर; शेवटी दोन चमचे कडकडीत तेलाचं मोहन. पीठ कांद्याला जेमतेम चिकटलेलं दिसावं. कांदा पिठात बुडाला की भजी कसली, बोंडेच होतात! शिवाय कालवून ठेवू नका. कांदा पाणी सोडतच राहतो आणि दुसऱ्या घाण्यापर्यंत पीठ सैल पडतं.

तेलात पिठाचा थेंब टाकून पाहा. तळाला जाऊन तीन-चार सेकंदांत बुडबुडत वर आला की तेल बरोबर तापलं. कढईत गर्दी केली की तेल निवतं, कवच धरायला वेळ लागतो आणि तेवढ्यात भजी तेल पितात. मध्यम आचेवर ४-५ मिनिटं, बुडबुडे मंदावेपर्यंत तळा. ते बुडबुडे म्हणजे आतलं पाणी वाफ होऊन निघणं. काढलेली भजी जाळीवर पसरा. डब्यात भरून झाकण लावलंत तर तीच वाफ पुन्हा भज्यांत जिरते. तुमच्या खानापूर-जांबोटीकडच्या पावसात उघड्यावरही ती फार वेळ टिकत नाहीत. पाहुणे यायचे असतील तर आधी फिकट तळून ठेवा, ऐनवेळी मोठ्या आचेवर मिनिटभर पुन्हा सोडा.

प्रश्न (निपाणी) : सोडा किती घालावा?

उत्तर : कांदाभजीत अजिबात नको. बटाट्याच्या कापांच्या पिठात चिमूटभर चालेल. जास्त झाला की कवचाला जाळी पडते, तिच्यात तेल भरतं, रंग काळपट येतो आणि चव साबणासारखी लागते.

प्रश्न (गोकाक) : कोबीची भजी सुटतात.

उत्तर : मीठ लावून दहा मिनिटांनी कोबी घट्ट पिळा. मग पीठ लावा, तांदळाचं पीठ एक चमचा वाढवा.

प्रश्न (संकेश्वर) : भज्यांबरोबरची लाल चटणी फार जाळते, शिवाय कडवट होते.

उत्तर : नुसती संकेश्वरी मिरची वापरत असणार! रंगासाठी ब्याडगी घ्या, संकेश्वरी फक्त तिखटाला. आठ ब्याडगीला तीन संकेश्वरी पुरतात. देठ काढून मिरच्या उभ्या चिरा आणि आतल्या शिरा खरवडून टाका. खरा जाळ बियांपेक्षा शिरांत असतो. मिरच्या भाजू नका, कडवटपणा करपलेल्या सालीचा असतो. गरम पाण्यात वीस मिनिटं भिजवून ते पाणी ओतून द्या. दहा पाकळ्या लसूण, अर्धा चमचा जिरं, सुपारीएवढी चिंच, दोन चमचे गूळ आणि मीठ घालून ताज्या पाण्यात वाटा. पातेल्यात पाच मिनिटं उकळा, म्हणजे लसणाचा उग्रपणा जातो आणि चटणी भज्याला धरते.

तरीही झोंबली तर पाणी वाढवू नका. मिरचीचा जाळ पाण्यात विरघळत नाही, चटणी मात्र पाणचट होते. वाढताना वाटीत चमचाभर शेंगदाण्याचं कूट कालवा. कूट सगळ्या चटणीत घालू नका. बिनकुटाची काचेच्या बरणीत, फ्रीजमध्ये आठवडाभर राहते.