कर्जत स्टेशनात पाहण्यासारखं काय आहे?

रविवारी मुलांना कर्जतला नेऊन रेल्वेचा वारसा दाखवायचाय, पण फोटोत तर साधंच लोकलचं स्टेशन दिसतं, मग जावं का, असं तुम्ही विचारलंय. जरूर जा. फक्त सीएसएमटीसारखे घुमट नि नक्षी शोधत फिरू नका. कर्जतला पाहायचा तो गाडीचा थांबा. कर्जत-दादर पासावर माझी सत्तावीस वर्षं गेली आणि त्यातली निम्मी तरी मी हा थांबा न बघताच घालवली. कारण तेव्हा नजर फक्त तिघांच्या बाकावर कसंबसं टेकायला मिळणाऱ्या चौथ्या सीटवर असायची.

पुण्याकडे जाणारी एखादी लांब पल्ल्याची गाडी लागली की सगळे इंजिनाकडे बघतात. तुम्ही मुलांना शेपटाकडे न्या. मागून दोन-तीन इंजिनं एकत्र, अगदी सावकाश येतात, शेवटच्या डब्याला टेकतात आणि कपलिंग जोडलं जातं. हे बँकर, म्हणजे घाटात गाडीला मागून ढकलणारी जादा इंजिनं. पुढे लोणावळ्यापर्यंत जेमतेम २८ किलोमीटर, पण घाटात चढ १:३७ चा आहे, म्हणजे ३७ मीटर पुढे सरकलं की गाडी १ मीटर वर चढते. रेल्वेच्या हिशेबात ही भिंतच. मुलं हमखास विचारतील, सगळी इंजिनं पुढेच का नाही लावत? तसं केलं तर सगळा ताण पुढच्या कपलिंगवर येईल. शिवाय चढावर मध्येच एखादं तुटलं, तर मागचे डबे अडवायला मागे कुणीतरी हवंच ना!

उतरताना चिंता उलटी. घाटात ठरलेल्या जागी गाडी पूर्ण थांबवून ब्रेक तपासावे लागतात. तिथे सांधा, म्हणजे गाडीला एका रुळावरून दुसऱ्यावर वळवणारी जोडणी, मुळात कॅच साईडिंगकडे, म्हणजे चढावर जाऊन संपणाऱ्या रुळाकडे लावलेला असतो. गाडी नीट थांबली तरच मुख्य मार्ग मिळतो. ब्रेक लागलेच नाहीत, तर ती आपोआप त्या चढावर जाऊन अडकते.

आता जुनी गोष्ट. १८५६ च्या मे महिन्यात कल्याणहून निघालेली लाईन घाटाच्या पायथ्याशी खोपोलीला येऊन थांबली. हो, खोपोली! आज जिला आपण फाटा म्हणतो, तीच तेव्हाची मुख्य लाईन. १८५८ मध्ये खंडाळा-पुणे गाडी सुरू झाली, पण मधला घाट तसाच. त्यामुळे खोपोलीला उतरायचं, पालखी, तट्टू नाहीतर बैलगाडीने खंडाळा गाठायचं आणि पुन्हा गाडीत बसायचं. ही कसरत १८६३ पर्यंत चालली. घाटाचं काम एका टप्प्यावर ४० हजारांहून अधिक माणसं करत होती. पटकीने किती गेली, त्यांची नावं कुठल्याच फलकावर नाहीत. कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल १८५९ मध्ये हिंदुस्थानात आल्यावर काही आठवड्यांतच वारला आणि त्याच्या बायकोने, अ‍ॅलिसने, अनुभवी इंजिनिअर हाताशी धरून ते कंत्राट पुढे चालवलं. मुलींना ही गोष्ट आवर्जून सांगा. घाटाची नवी लाईन पळसदरीहून फुटली आणि खोपोली बाजूला पडली. कर्जतचं महत्त्व वाढलं ते तेव्हापासून.

वाफेनंतर वीज आली. १९३० मध्ये डेक्कन क्वीन सुरू झाली. घाटात मालगाड्या ओढायला आणलेल्या स्विस घडणीच्या इंजिनांना आपल्याकडे 'खेकडा' म्हणायचे. चाकांच्या बाजूचे दांडे असे काही हलायचे की दुसरं नाव सुचलंच नसतं. त्यातला एक दिल्लीच्या रेल्वे संग्रहालयात उभा आहे.

कर्जतचा बटाटावडा प्रसिद्ध झाला तोही या बँकरच्या कृपेने, असं माझं ठाम मत आहे. गाडीला थांबणं भाग, प्रवाशाला भूक, आणि स्टेशनातल्या दिवाडकरांचा वडा गरम. वंदे भारतच्या डब्यांखालीच मोटारी असल्यामुळे तिला बँकर लागत नाही, सोलापूरची ती गाडी कर्जतला न थांबता सरळ घाट चढते. बघायला रुबाबदार आहे, पण तिच्या प्रवाशाला वडा नाही.

आणखी एक गंमत इंडिकेटरवर दाखवा. कर्जत लोकलचं अक्षर 'एस' आणि कसाऱ्याचं 'एन'. गावाच्या नावाशी त्याचा काही संबंध नाही. कल्याणला फुटणाऱ्या दोन लाईनींना जुन्या जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वेत, म्हणजे आजच्या मध्य रेल्वेच्या पूर्वज कंपनीत, साऊथ-ईस्ट आणि नॉर्थ-ईस्ट म्हणायचे, त्यातली ही अक्षरं.

वेळ उरला तर खोपोली लोकल धरा. पळसदरी, केळवली, डोलवली, लौजी अशी एकेरी रुळावरची छोटी स्टेशनं, आणि पळसदरीनंतर घाटाची लाईन बाजूला होऊन डोंगराकडे वळताना दिसते. खोपोलीत नाना फडणीसांनी बांधलेला तलाव आणि शंकराचं देऊळ आहे. मात्र परतीची वेळ आधी बघून ठेवा. या लाईनीवर एक लोकल चुकली की पुढचीसाठी बराच वेळ बाकावर बसावं लागतं, आणि तोवर मुलांसाठी घेतलेले वडे संपलेले असतात.