अनुनादाच्या साहाय्याने मितींमधली ऊर्जा वळवणारे यंत्र विज्ञानकथेत पटण्याजोगे कसे रचावे?

आपल्या कथेतले यंत्र अनुनादाने, म्हणजे वस्तूच्या स्वतःच्या स्पंदनांशी जुळणाऱ्या धक्क्यांनी तिला गुंजवून, दुसऱ्या मितींतील ऊर्जा खेचून हव्या त्या दिशेला वळवते. परंतु विज्ञान शिकलेल्या वाचकाला ते हास्यास्पद वाटू नये, यासाठी काय करावे, असे आपण विचारले आहे. असे यंत्र अस्तित्वात नाही आणि ते बनवता येईल असे मानायला आज कोणताही आधार नाही, हे आपणही जाणताच. तरीही अनुनादाचे खरे नियम यंत्राला लागू केले, तर एका कल्पनेची सूट वाचक आनंदाने देतो, असा माझा अनुभव आहे.

मी कनिष्ठ महाविद्यालयात बरीच वर्षे भौतिकशास्त्राची प्रात्यक्षिके घेतली. सोनोमीटरच्या, म्हणजे पोकळ लाकडी पेटीवर तार बसवलेल्या उपकरणाच्या, ताणलेल्या तारेवर कागदाचा घडी घातलेला चिटोरा ठेवायचा, नादकाटा (ट्यूनिंग फोर्क) रबरी ठोकळ्यावर आपटून त्याचा दांडा पेटीवर टेकवायचा आणि तारेखालच्या पाचरी हळूहळू सरकवत राहायचे. तारेची लांबी जुळत नाही तोवर चिटोरा नुसता थरथरतो, आणि जुळली की टुणकन उडून खाली पडतो. नादकाट्याचा जोर मात्र दोन्ही वेळा तेवढाच असतो. अनुनाद ऊर्जा निर्माण करत नाही; योग्य वेळी बसणारे लहान लहान धक्के तो साठवतो. म्हणून आपल्या यंत्राला ऊर्जेचा उगम वेगळा द्या आणि अनुनादाकडे फक्त निवडण्याचे व साठवण्याचे काम ठेवा. (अमेरिकेतील टॅकोमाचा 1940 साली कोसळलेला पूल अनुनादाचा दाखला म्हणून कथेत आणू नका. वाऱ्याने आणि पुलाच्या पिळवटण्याने एकमेकांना खतपाणी घातल्याने तो पडला, आणि जाणकार वाचक नेमका तिथेच अडतो.)

आपल्या कल्पनेच्या सर्वांत जवळ जाणारे खरे यंत्र भौतिकशास्त्रज्ञ जोसेफ वेबर यांनी अमेरिकेतील मेरीलँड विद्यापीठात उभारले होते. सुमारे दीड मीटर लांबीचा आणि टनाहून अधिक वजनाचा ॲल्युमिनियमचा दंडगोल त्यांनी निर्वात टाकीत तारेने टांगला आणि त्याच्या मध्यावर दाब पडताच वीज निर्माण करणारे स्फटिक चिकटवले. दंडगोलाची नैसर्गिक वारंवारता सुमारे 1660 हर्ट्झ होती. त्याच वारंवारतेची गुरुत्वीय लहर, म्हणजे अवकाशालाच ताणत-दाबत जाणारी गुरुत्वाची लहर आली, तर दंडगोल सूक्ष्मपणे गुंजेल अशी अपेक्षा होती. एका ठिकाणचा धक्का म्हणजे शेजारून गेलेला ट्रकही असू शकतो, म्हणून दुसरा दंडगोल शिकागोजवळच्या आर्गॉन प्रयोगशाळेत बसवला होता. दोन्हीकडे एकाच वेळी स्पंदने मिळाल्याचे वेबर यांनी 1969 मध्ये जाहीर केले. इतर गटांनी तसलीच उपकरणे उभारली, पण त्यांना काहीच दिसले नाही. गुरुत्वीय लहरी अखेर 14 सप्टेंबर 2015 रोजी अमेरिकेतील लायगो वेधशाळेच्या चार किलोमीटर लांबीच्या बाहूंमध्ये पकडल्या गेल्या, आणि त्यासाठी धातू गुंजवण्याऐवजी आरशांमध्ये लेसरचा प्रकाश शेकडो वेळा येरझारा घालत ठेवला होता. म्हणजे अनुनाद राहिला, फक्त तो धातूऐवजी प्रकाशाचा झाला. तशीच एक वेधशाळा आता हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ होणार आहे. कथा महाराष्ट्रात घडवायची असेल, तर स्थळ आयतेच हाताशी आहे.

आता मितींकडे वळू. थिओडोर कालुझा यांनी 1921 मध्ये पाचवी मिती मांडली आणि ऑस्कर क्लाईन यांनी 1926 मध्ये ती अतिसूक्ष्म वर्तुळासारखी गुंडाळलेली असावी असे सुचवले. अशा वर्तुळात पूर्ण संख्येइतक्याच लहरी बसतात, जशा दोन टोकांना बांधलेल्या तारेवर ठरावीकच स्वर उमटतात. मितीला स्वतःचे स्वर असतात, हे आपल्याला फुकट मिळालेले वैज्ञानिक भांडवल आहे, आणि ते न वापरणे हा करंटेपणा ठरेल. समजा, आपल्या कथेतील मितीचा परीघ एक दशांश मिलिमीटर आहे. मग प्रकाशाच्या वेगाने धावणाऱ्या लहरीसाठी तिचा मूळ स्वर सुमारे 3 लाख कोटी हर्ट्झ येतो. घंटा, स्फटिक किंवा मंत्रोच्चार तिथे पोहोचणार नाहीत; यंत्रात लागेल ती आरशांची पोकळी, म्हणजे समोरासमोरच्या आरशांमधली प्रकाश येरझारा घालणारी जागा. गुरुत्वाकर्षणाचा व्यस्त वर्गाचा नियम (अंतर दुप्पट झाले की ओढ चौथाई होते) सिॲटलमधील प्रयोगांत मिलिमीटरच्या सुमारे विसाव्या भागापर्यंत तपासला गेला आहे, त्यामुळे मितीचा परीघ एक दशांश मिलिमीटरहून फार मोठा कल्पू नका. अतिरिक्त मितींच्या 1998 नंतर पुढे आलेल्या काही प्रसिद्ध सिद्धांतांत प्रकाश आणि पदार्थ आपल्याच जगाला खिळलेले असतात आणि फक्त गुरुत्व बाहेर झिरपते. तेव्हा आरशांतला प्रकाश पलीकडच्या गुरुत्वाशी जोडला जातो, एवढी एकच थाप आपण मारावी, आणि ती कथेच्या सुरुवातीलाच मारावी.

'वळवणे' मात्र एकट्या अनुनादाने साधत नाही. अनुनादाला दिशा कळत नाही. दिशा मिळते ती अनेक स्रोतांच्या कलांमधील फरकातून, म्हणजे कोणाचे स्पंदन कोणाच्या किती मागे वा पुढे आहे यातून. आधुनिक रडारची तबकडी न फिरवता किरण फिरवला जातो, तो शेकडो लहान ॲन्टेनांना किंचित मागेपुढे स्पंदित करूनच. म्हणून एक भव्य गोळा दाखवण्याऐवजी एकाच स्वरात लावलेल्या पोकळ्यांची रांग दाखवा आणि नायिकेच्या हाती प्रत्येक पोकळीची कला बदलणारी बटणे द्या.

नाट्य हवे असेल, तर अनुनाद जितका तीव्र तितकी सहनशीलता कमी, हे लक्षात ठेवा. 1000 हर्ट्झला गुंजणारा ॲल्युमिनियमचा दंड घ्या, ज्याचा क्यू गुणांक, म्हणजे अनुनादाची तीव्रता सांगणारा आकडा, एक लाख आहे. तो जेमतेम एक शतांश हर्ट्झच्या पट्ट्यात प्रतिसाद देतो. खोलीचे तापमान एका अंशाने वाढले, तर त्याचा सूर दोन शतांश हर्ट्झहून अधिक उतरतो, म्हणजे यंत्र बहिरे होते. वीज जाऊन वातानुकूलन बंद पडणे हे त्या यंत्रासाठी कोणत्याही खलनायकापेक्षा मोठे संकट आहे. शिवाय त्याला भरायला अर्ध्या मिनिटाच्या आसपास वेळ लागतो आणि रिकामे व्हायलाही तेवढाच. नायिकेने घाबरून मुख्य स्विच खाली ओढला, तरी दंड गुंजतच राहील आणि पुढची तीस-चाळीस सेकंदे तिला काट्याकडे बघत उभे राहावे लागेल. आपला प्रसंग तिथे लिहा.