विद्यापीठात कनिष्ठ सहकाऱ्याला आधी पदोन्नती मिळाली, तर दाद कुठे आणि केव्हा मागावी?

आपण मूळचे अमळनेरचे, एका सार्वजनिक विद्यापीठात वरिष्ठ सहायक आहात. आठ महिन्यांपूर्वी आपल्यानंतर रुजू झालेल्या सहकाऱ्याला सहायक कक्षाधिकारी केले गेले, आपल्या तीन निवेदनांना उत्तर आले नाही, आणि आता चौथे द्यावे की न्यायालयात जावे, असे आपण विचारले आहे. चौथे निवेदन देऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

पी. एस. सदाशिवस्वामी विरुद्ध तमिळनाडू राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्येच सांगितले की, कनिष्ठाला डोक्यावरून पदोन्नती दिली गेली असेल, तर सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात न्यायालयात यावे. पुढे 2008 च्या सी. जेकब प्रकरणात हेही स्पष्ट झाले की, शिळ्या झालेल्या तक्रारीवर नवे निवेदन दिल्याने किंवा प्रशासनाने त्याला उत्तर दिल्याने ती तक्रार पुन्हा ताजी होत नाही. आपल्याकडे आता चारच महिने आहेत असे समजून चालावे.

हे मी आग्रहाने लिहितो, कारण मी स्वतः यात पोळलो आहे. मी जळगावचा, एका सार्वजनिक विद्यापीठाच्या आस्थापना विभागातून निवृत्त झालो. माझी पदोन्नती डावलली गेली तेव्हा मी पाच वर्षे निवेदनांवर काढली, कारण वरिष्ठांनी दर वेळी ‘पुढच्या बैठकीत बघू’ असे सांगितले आणि मी त्यावर विश्वास ठेवला. आवक क्रमांक टाकलेल्या सात प्रती माझ्याकडे अजून आहेत. याचिका सुनावणीला आली तेव्हा पहिला प्रश्न विलंबाचा निघाला आणि ज्येष्ठतेच्या मुद्द्यापर्यंत बोलणे पोहोचलेच नाही. निवृत्तिवेतन शेवटच्या वेतनावर ठरत असल्यामुळे ते नुकसान मी आजही दरमहा सोसतो.

आता हक्काविषयी. पदोन्नती मिळणे हा हक्क नाही; पात्र असताना पदोन्नतीसाठी आपला विचार होणे हा मात्र संविधानाच्या अनुच्छेद 16 खालील मूलभूत हक्क आहे, असे अजित सिंग प्रकरणात 1999 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे. म्हणून विभागीय पदोन्नती समितीपुढे आपले नाव ठेवले होते का, आणि ठेवले असल्यास कोणत्या कारणाने मागे पडले, हे आधी शोधावे लागेल. बैठकीचे इतिवृत्त, सेवाज्येष्ठता यादी आणि त्या पदाची बिंदुनामावली (कोणती जागा कोणत्या आरक्षण प्रवर्गाची, हे दाखवणारी नोंद) माहिती अधिकाराच्या एकाच अर्जात मागा. उत्तराची मुदत 30 दिवसांची असते. सहकाऱ्याचे गोपनीय अहवाल मागू नका, ते वैयक्तिक माहिती म्हणून सहसा नाकारले जातात. स्वतःचे मात्र अवश्य मागा, कारण देव दत्त प्रकरणातील 2008 च्या निकालानुसार प्रत्येक शेरा, तो ‘चांगला’ असला तरी, कर्मचाऱ्याला कळवणे बंधनकारक आहे. चौकशीचे कारण सांगून निर्णय मोहोरबंद पाकिटात ठेवला असेल, तर दोषारोपपत्राची तारीख पाहा. केवळ प्राथमिक चौकशी चालू आहे एवढ्यावर तसे करता येत नाही, हे जानकीरामन प्रकरणात 1991 मध्येच ठरले आहे.

बहुतेक प्रकरणांत खरी चूक ज्येष्ठता यादीत असते. तात्पुरती यादी प्रसिद्ध होते, हरकतींची मुदत निघून जाते, यादी अंतिम होते, आणि कर्मचारी जागा होतो तो पदोन्नतीचा आदेश हाती पडल्यावर. यादी तशीच ठेवून केवळ आदेशाला आव्हान दिले तर उत्तर तयार असते की, आदेश यादीप्रमाणेच आहे. त्यामुळे रुजू दिनांक, नियमित नियुक्तीचा दिनांक आणि आवश्यक परीक्षा उत्तीर्ण झाल्याचा दिनांक आपल्या सेवापुस्तकाशी ताडून पाहा, आणि यादी चुकली असल्यास तिलाही आव्हान द्या.

दाद कुठे मागायची, यात अनेकांची गल्लत होते. मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी आहे; विद्यापीठाच्या कर्मचाऱ्याने तिकडे जाऊन उपयोग नाही. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, 2016 च्या कलम 81 खालील, विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणापुढचे अपील बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती अशा आदेशांविरुद्ध असते, आणि डावललेली पदोन्नती त्यात सहसा बसत नाही. या न्यायाधिकरणाच्या कक्षेबाहेरच्या गाऱ्हाण्यांसाठी कलम 79 ची तक्रार निवारण समिती आहे. तिच्याकडे अर्ज जरूर करा, पण तिच्या निर्णयाची वाट पाहत वर्ष उलटू देऊ नका. त्यानंतरचा मार्ग उच्च न्यायालयातील रिट याचिकेचा. जळगाव, धुळे आणि नंदुरबार हे तिन्ही जिल्हे औरंगाबाद खंडपीठाकडे येतात. आपले विद्यापीठ दुसरीकडे असेल, तर खंडपीठ कोणते ते वकिलांकडून ठरवून घ्या.

याचिकेत त्या सहकाऱ्याला प्रतिवादी करावेच लागेल. रोज शेजारच्या टेबलावर बसणाऱ्या माणसाविरुद्ध नाव घालणे जड जाते, हे मी जाणतो. पण ज्याची पदोन्नती धोक्यात येते त्याचे म्हणणे ऐकल्याशिवाय न्यायालय ती रद्द करत नाही, आणि करूही नये. मागणीत मानीव दिनांकाने (म्हणजे ती खरे तर ज्या दिवशी मिळायला हवी होती त्या दिवसापासून) पदोन्नती, वेतननिश्चिती आणि फरकाची रक्कम या तिन्ही गोष्टी स्वतंत्रपणे लिहा, कारण मानीव दिनांक मिळूनही ‘काम नाही तर वेतन नाही’ म्हणून फरक नाकारला गेल्याची प्रकरणे मी पाहिली आहेत.

अमळनेरहून संभाजीनगरची एक खेप म्हणजे आख्खा दिवस जातो. म्हणून सेवाविषयक प्रकरणे चालवणाऱ्या वकिलांकडे पहिल्यांदा जातानाच नियुक्ती आदेश, सेवापुस्तकाची प्रत, दोन्ही ज्येष्ठता याद्या, सहकाऱ्याचा पदोन्नती आदेश आणि तिन्ही निवेदनांच्या पोचपावत्या तारखेच्या क्रमाने लावून न्या. माहिती अधिकाराचा अर्ज मात्र त्याआधी, याच आठवड्यात टाका.