वळ्या सगळ्यांच्याच पोटाला पडतात

"कपडे बदलताना मी दिवा बंद करते." समुपदेशक म्हणून चाळिशीच्या आसपासच्या बायकांकडून हे इतक्या वेळा ऐकलंय, की पुढचं वाक्यही मला पाठ झालंय: "आधी मी अशी नव्हते हो."

वैशाली (नाव बदललं आहे) बर्लिनला असते. आमचं बोलणं ऑनलाइन. ऑफिसातली जर्मन मैत्रीण तिला फक्त बायकांच्या विवस्त्र योगवर्गाला चल म्हणत होती. जर्मनीत मोकळ्या अंगाने वावरण्याची चळवळ, 'एफकेके', शंभराहून अधिक वर्षं जुनी. वैशालीचे प्रश्न दोन. हे असभ्य नाही ना? आणि, "सगळ्या माझं पोट बघतील ना, मॅडम?"

पहिला लगेच निकालात काढला. सज्ञान बायकांनी आपखुशीने, बंद दाराआड केलेला योग असभ्य कसा? आपल्याकडे र. धों. कर्व्यांनी १९२७ साली 'समाजस्वास्थ्य' मासिक सुरू केलं आणि त्यातून नग्नतेची बाजू बेधडक मांडली.

दुसऱ्यावर बरीच सत्रं गेली. मी अल्बर्ट एलिस या मानसशास्त्रज्ञाच्या विवेकनिष्ठ वाटेने, म्हणजे त्रास देणारा विचार तपासून बघत जाणारी, त्यामुळे भीतीला शेवटापर्यंत बोलू देते.

"बघितलं, तर?"

"हसतील."

"हसल्या, तर?"

"मग मी गबाळी आहे हे खरंच ठरेल."

पोटावरून थेट माणसाची किंमत! ही उडी बहुतेक जणी घेतात, आणि ती घेतल्याचं त्यांना कळतही नाही. वैशालीला पटत होतं, पण नुसतंच डोक्याला. मग मी सहज विचारलं, "बाळंतपणानंतर मालीश कोण करायचं?"

"साताऱ्याला एक मावशी यायच्या."

"त्यांची लाज वाटायची?"

"छे! त्यांनी किती बायका पाहिलेल्या. त्यांना काय..." ती थांबली. मीही गप्प राहिले. गप्प राहणं हे या कामातलं अवघड कौशल्य आहे, आणि मला ते जमतं असं मला वाटतं. "मी कुणालाच पाहिलेलं नाही," ती म्हणाली. "फक्त फोटो."

महिन्याभराने ती वर्गाला गेली, पहिल्यांदा अंगावर टॉवेल ठेवूनच. नंतर मला म्हणाली, "पश्चिमोत्तानासनात शेजारची काटकुळी मुलगी वाकली, तर तिच्याही पोटाला तीन वळ्या! माझ्या टाक्यांकडे कुणी ढुंकून पाहिलं नाही. मीच सगळ्यांकडे बघत होते."

नदीवर, विहिरीवर एकत्र न्हाणाऱ्या आपल्या पणज्यांना हे बघणं आयतं मिळत होतं. लंडनच्या गोल्डस्मिथ्स कॉलेजमधल्या कीऑन वेस्ट या मानसशास्त्रज्ञाच्या २०२०च्या अभ्यासातही हेच दिसलं: चारचौघांत विवस्त्र वावरल्यावर 'लोक माझ्या अंगाकडे कसं बघतील' ही धास्ती उतरते आणि शरीराबद्दलची आपुलकी वाढते.

म्हणून सगळ्यांनी असा वर्ग शोधावा असं मी सांगत नाही. घरी कडी लावून, दिवा चालू ठेवून, चार आसनं केलीत तरी सुरुवात होते. वर्गाला जायचं तर आधी विचारा: फोन बाहेर ठेवतात का? अंगावर कपडे ठेवायची, मधूनच निघायची मुभा आहे का? कॅमेऱ्यासमोरचे ऑनलाइन विवस्त्र वर्ग मात्र टाळा. स्क्रीनशॉट कोण घेईल, हे आपल्या हातात नसतं. पूर्वी अत्याचार सोसलेला असेल, किंवा जेवणाशी झगडा चालू असेल, तर आधी तज्ज्ञांशी बोला.

वैशालीला वजन अजूनही कमी करायचंय. साखर काठावर आहे, तेव्हा करायलाच हवं. त्यासाठी तिला मी आहारतज्ज्ञांकडे पाठवलंय.