काशीचे घाट गाईडसोबत पायी बघायचे असतील तर

पहिल्यांदाच जाताय, तर खासगी गाईड घ्याच. फक्त घाटावर मागे लागणाऱ्याला नको. पर्यटन खात्याचं ओळखपत्र बघा, पैसे आणि वेळ आधी ठरवा, आणि 'साड्यांच्या दुकानात नेऊ नका' हे स्पष्ट सांगून टाका.

अस्सी ते राजघाट एका दमात करायचा हट्ट सोडा. माझं ऐकाल तर दशाश्वमेध ते पंचगंगा एवढाच टप्पा घ्या, तोही पहाटे. घाट पूर्वेकडे तोंड करून आहेत, ऊन चढलं की पायऱ्यांवर चालवत नाही. शिवाय इथे आपल्या मराठी माणसांच्या खुणा पावलोपावली भेटतात. दशाश्वमेधाला लागूनच अहिल्याबाई घाट, पुढे शिंद्यांचा, मग नागपूरकर भोसल्यांचा. शिंदे घाटाशी कललेलं रत्नेश्वर मंदिर आहे, तिथे घाई करू नका. पाणी उतरलेलं असेल तर पायथ्याशी साचलेला गाळ आणि खांबांवरचं कोरीवकाम जवळून दिसतं. पंचगंगेवरून दुर्गा घाट, ब्रह्मा घाटाच्या गल्ल्यांत शिरा. जुनी मराठी वस्ती तिथलीच.

मणिकर्णिकेवर, म्हणजे स्मशानघाटावर, मोबाईल खिशात. लोक आपल्या माणसाला निरोप देत असतात. लाकडांसाठी दान मागणाऱ्यांना गाईडलाच उत्तर देऊ द्या.

पावसाळ्यात मात्र बेत आखू नका. गंगा चढली की घाटांवरची वाट पाण्याखाली जाते आणि फक्त गल्ल्याच उरतात.